पडद्यावर चेहरा कोणाचा?



व्याख्यानमालेच्या चालकांनी आम्हांला बोलाविले तेव्हा त्यांची अपेक्षा अशी असावी की, आम्ही हमालीच्या दरांविषयी किंवा जिनिंगमधल्या बायांच्या हजेरीविषयी बोलू. आम्ही विषय कळविला तो मात्र अमेरिकन चित्रपटाच्या कथनाचा. तेव्हा चालकांपैकी एकाने फोन करून विचारले, "भाऊ, कागद दुसऱ्याच कोणाचा तर आला नाही ना?" कागद आमचाच होता. आम्ही कॉलेजची पायरी चढलेलो नाही. जे काही वाचले ते सार्वजनिक वाचनालयात आणि रात्रीच्या वेळी. जे काही पाहिले ते आधी जत्रेतल्या तंबूत, मग भाड्याच्या व्हीसीआरवर आणि आता खिशातल्या फोनवर. तेव्हा आमच्या बोलण्यात विद्वत्ता शोधू नये. एका माणसाला गोष्टीमुळे एकदा फटका बसला, तेव्हापासून तो गोष्टी कशा रचतात हे पाहू लागला, एवढाच आमचा अधिकार.

कारंज्याला गोष्ट म्हणजे काय हे सांगावयाची गरज नाही. हे नृसिंह सरस्वतींचे जन्मस्थान. येथल्या जैन मंदिरांतून जुन्या पोथ्या जपून ठेवलेल्या आहेत. येथे कीर्तन ऐकतच पोरे मोठी होतात. कीर्तनकार पूर्वरंगात सिद्धान्त मांडतो, उत्तररंगात आख्यान लावतो, आणि आख्यान ऐन रंगात आले की नेमका थांबून अभंग घेतो. श्रोता तळमळतो, पण उठत नाही. अमेरिकन चित्रपटकारांनी हीच विद्या यंत्राच्या साहाय्याने केली. फरक एवढाच की, कीर्तनकार समोर उभा दिसतो. चित्रपटकार स्वतः दिसू नये म्हणून अपार कष्ट घेतो.

आरंभ मुळापासून करू. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे प्रथम दाखविली गेली. त्यांत एक चित्र स्टेशनात येणाऱ्या आगगाडीचे होते, आणि दुसरे कारखान्यातून सुटून बाहेर पडणाऱ्या कामगारांचे. ही दुसरी गोष्ट आम्हांला फार मोलाची वाटते. पडद्यावर आलेल्या अगदी पहिल्या माणसांत पाळी संपवून घराकडे निघालेली कामगारांची गर्दी होती. तीत नायक नव्हता, नायिका नव्हती. कॅमेरा एका जागी उभा, आणि समोरून माणसे निघून जातात. गोष्ट अजून जन्मावयाची होती.

ती अमेरिकेत लवकरच जन्मली. १९०३ साली एडविन पोर्टर यांनी आगगाडीवरच्या दरोड्याचा चित्रपट काढला, 'द ग्रेट ट्रेन रॉबरी'. गाडी लुटणे, पळणे, पाठलाग, चकमक, असा एकामागून एक प्रसंगांचा साखळदंड त्यात आहे. शिवाय एक तुकडा असा की, दरोडेखोर सरळ प्रेक्षकांकडे पाहून पिस्तूल झाडतो. हा तुकडा खेळ दाखविणाऱ्याने आपल्या मर्जीप्रमाणे आरंभी लावावा किंवा शेवटी लावावा. हा दरोडेखोर ध्यानात ठेवा. व्याख्यान संपता संपता तो आपल्याला पुन्हा भेटणार आहे, पण निराळ्या वेषात.

पुढे डेव्हिड ग्रिफिथ आले. १९०९ सालच्या त्यांच्या 'द लोनली व्हिला' या छोट्या चित्रपटात घरात बायको आणि मुली अडकलेल्या, दाराशी दरोडेखोर आणि दूरवर नवरा, अशी तीन ठिकाणे आलटून पालटून दाखविली आहेत. याचे मर्म आपल्या शकुंतला गाडीवरून सांगता येईल. मूर्तिजापूरहून कारंजा, दारव्ह्यावरून यवतमाळकडे जाणारी ती अरुंद गाडी आता धावत नाही. पण १९९४ पर्यंत ती वाफेच्या इंजिनावर चाले आणि तिचा वेग किती होता हे आपण सारे जाणतो. समजा, त्या गाडीत एखादी माउली आजारी लेकराला घेऊन बसली आहे आणि कारंज्याला डॉक्टर दवाखाना बंद करून निघण्याच्या बेतात आहेत. नुसती गाडी दाखवीत राहिलात तर प्रेक्षक पेंगेल. नुसते डॉक्टर दाखविलेत तर काही घडणारच नाही. पण गाडी, डॉक्टर, गाडी, डॉक्टर असे तुकडे लावा आणि दर वेळी तुकडा आखूड करा, म्हणजे शकुंतलासुद्धा डेक्कन क्वीन होईल! वेग गाडीत नसतो, कात्रीत असतो.

असेच एकेक शोध लागले आणि त्यांचे नियम झाले. लिलावात अडत्या आणि शेतकरी समोरासमोर उभे आहेत असे धरा. दोघांमधून एक रेघ आखली आहे असे समजून कॅमेऱ्याने त्या रेघेच्या एकाच बाजूस राहावयाचे. म्हणजे अडत्या नेहमी उजवीकडे पाहील, शेतकरी डावीकडे, आणि तुकडे कितीही बदलले तरी कोण कोणाशी बोलतो याचा घोळ होणार नाही. आधी दुरून सगळी जागा दाखवावयाची, मग जवळून माणसे, आणि मोक्याच्या क्षणी चेहरा पडदाभर. एखाद्याने मान वळवून पाहिले की पुढच्या तुकड्यात त्याला काय दिसले ते दाखवावयाचे. प्रकाशाचेही तसेच. एक मुख्य दिवा. त्याच्या सावल्या मऊ करणारा दुसरा. आणि पाठीमागून केसांवर उजेडाची कड उमटविणारा तिसरा, म्हणजे नायिका भिंतीपासून सुटी होऊन उठून दिसते. या सर्वांचा हेतू एकच. प्रेक्षकाला कॅमेरा आठवू नये, कात्री आठवू नये, दिवा आठवू नये. गोष्ट आपोआप घडत आहे असे वाटावे. चाकाला वंगण चांगले असले म्हणजे गाडी वाजत नाही, तसेच हे.

गोष्टीची रचनाही ठरीव. एक माणूस असतो. त्याला काहीतरी हवे असते. आड कोणीतरी येतो. मुदत ठरलेली असते: सूर्यास्तापर्यंत, फाशीच्या वेळेपर्यंत, गाडी सुटेपर्यंत. कामाच्या गोष्टीला बहुधा प्रेमाची दुसरी गोष्ट जोडलेली असते आणि शेवटी दोहोंच्या गाठी एकदम सुटतात. प्रत्येक प्रसंग मागच्यामुळे घडतो आणि पुढच्याला ढकलतो.

हे असेच का झाले, हा प्रश्न कामगार कार्यकर्त्याला पडावयाचाच. आमचे उत्तर असे की, हॉलिवूड हा आधी कारखाना होता. मोठ्या पाच कंपन्या चित्रपट काढीत, त्यांचे वाटप करीत आणि ज्या चित्रपटगृहांत ते लागत त्यांतली पुष्कळशी मोक्याची गृहेही त्यांच्याच मालकीची असत. १९४८ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ही एकहाती साखळी तोडावयास लावली. या कारखान्यात लिहिणारा वेगळा, दिवे लावणारा वेगळा, कापणारा वेगळा. आठवड्याला चित्रपट बाहेर पडावयाचे तर पद्धत ठरीवच लागते. म्हणजे कोणीही कोठूनही काम उचलून पुढे नेऊ शकतो. नटनट्यांनाही सात सात वर्षांच्या कराराने बांधलेले असे. भूमिका नाकारली तर पगार बंद, आणि तेवढे दिवस कराराच्या शेवटी वाढवून घेतले जात. ऑलिव्हिया डी हॅविलंड या नटीने वॉर्नर ब्रदर्सविरुद्ध दावा लावला आणि १९४४ साली न्यायालयाने निकाल दिला की, सात वर्षे म्हणजे पंचांगाची सात वर्षे. आम्ही हा खटला वाचला तेव्हा आम्हांला वाटले, ही बाई आमच्या संघटनेत असती तर किती बरे झाले असते!

आणि ही गोष्ट जुन्या काळाची समजू नका. २ मे २०२३ रोजी हॉलिवूडच्या लेखकांनी संप पुकारला. तो १४८ दिवस चालला. जुलैमध्ये नटनट्या त्यांत सामील झाल्या आणि त्यांचा संप ११८ दिवस टिकला. मागण्यांत मोबदला होता, आणि यंत्राच्या बुद्धीने माणसाचे लेखन व माणसाचा चेहरा गिळू नये हेही होते. ज्यांनी शंभर वर्षे आपले हात पडद्यावर दिसू दिले नाहीत, ते लोक त्या वर्षी फलक घेऊन रस्त्यावर दिसले.

आता या पद्धतीची ताकद पाहू. १९०९ सालीच ग्रिफिथ यांनी 'अ कॉर्नर इन व्हीट' हा जेमतेम पाव तासाचा चित्रपट काढला. एक सट्टेबाज बाजारातला सगळा गहू आपल्या मुठीत घेतो. एका तुकड्यात त्याच्या घरची मेजवानी. लगेच पुढच्या तुकड्यात पावाच्या दुकानासमोर थिजून उभी असलेली गरिबांची रांग आणि पावाचा वाढलेला भाव. शेवटी तो सट्टेबाज धान्याच्या कोठारात पडतो आणि त्याच गव्हाखाली गाडला जातो. आणि अखेरच्या दृश्यात एक शेतकरी एकटाच शेतात बी पेरीत चाललेला. कापसाच्या बाजारात ज्याचे आयुष्य गेले त्याला हे समजावून सांगावयास मास्तर लागत नाही. मेजवानी आणि रांग या दोन चित्रांमध्ये एक शब्दही नाही. पण दोन्ही शेजारी ठेवल्याबरोबर हिशेब आपोआप मांडला जातो.

तीच कात्री त्याच माणसाने १९१५ साली 'द बर्थ ऑफ अ नेशन' मध्ये चालविली. तेथे संकटात सापडलेल्यांना वाचवावयास दौडत येणारे घोडेस्वार म्हणजे कू क्लक्स क्लॅनचे बुरखेधारी आहेत, आणि काळ्या लोकांना राक्षस करून दाखविले आहे. काळ्या लोकांच्या संघटनांनी त्या वेळी निदर्शने केली, पण चित्रपट तुफान चालला आणि मोडीत निघालेली ती टोळी त्याच वर्षी पुन्हा उभी राहिली. येथे आम्ही एक धडा घेतला. घोडे दौडू लागले की प्रेक्षकाची छाती धडधडते; स्वार कोण आहे हे छाती विचारीत नाही. ते आपल्यालाच विचारावे लागते.

१९४१ चा 'सिटिझन केन' घ्या. त्यात एक साधा प्रसंग आहे. आतल्या खोलीत आई मुलाला एका बँकवाल्याच्या हवाली करण्याच्या कागदावर सही करीत आहे, आणि मागे खिडकीतून तो मुलगा बर्फात खेळताना दिसतो. छायालेखक ग्रेग टोलंड यांनी जवळचा कागद आणि दूरचा मुलगा दोन्ही एकाच वेळी स्पष्ट ठेवले आहेत. येथे तुकडे करून जवळ नेलेले नाही. ज्याचे आयुष्य विकले जात आहे तो मागे खेळतोच आहे. ज्या घरात सावकाराच्या कागदावर अंगठा उठला आणि पोरे अंगणात गोट्या खेळत होती, त्या घरातल्या माणसाला हे चित्र परके वाटणार नाही.

तरीपण या पद्धतीत एक खोट आहे, आणि तिच्यासाठीच आज आम्ही उभे आहोत.

१९९० नंतरची चारपाच वर्षे आम्ही टीव्ही आणि व्हीसीआर भाड्याने आणून हमाल आणि जिनिंगच्या मजुरांना चित्रपट दाखवीत असू. इंग्रजी संवाद कोणाला कळत नसत, म्हणून आम्ही बाजूला उभे राहून वऱ्हाडीत समालोचन करीत असू. 'मॉडर्न टाइम्स' ला तर तेही लागले नाही. १९३६ सालच्या त्या चित्रपटात आरंभी मेंढरांचा कळप दिसतो, त्याच चालीने कामगार भुयारी स्टेशनातून वर येतात, आणि मेंढरांत एकच काळे. पुढे मालमोटारीवरून पडलेला लाल बावटा चॅप्लिन उचलतो, गाडीवाल्याला देण्यासाठी हलवितो, आणि नकळत मागून आलेल्या मोर्चाचा पुढारी ठरून पकडला जातो. आमचे लोक पोट धरधरून हसले. आम्ही जरा बेतानेच हसलो. पुढारी पुष्कळदा असेच घडतात हे आम्हांस ठाऊक होते!

एका रात्री आम्ही 'हाय नून' लावला. १९५२ चा, फ्रेड झिनेमान यांचा. गावचा मार्शल नुकताच लग्न लागून निघण्याच्या तयारीत आहे. बातमी येते की, त्याने तुरुंगात धाडलेला गुंड दुपारी बाराच्या गाडीने परत येत आहे. त्याचे तीन साथीदार स्टेशनावर वाट पाहत बसले आहेत. मार्शल घरोघर मदत मागतो, प्रार्थनामंदिरात जाऊन मागतो. कोणी येत नाही. घड्याळ पुन्हा पुन्हा दिसते. क्षितिजाकडे गेलेले रिकामे रूळ दिसतात. बाराला काही क्षण उरले असता लंबक, रूळ, एकेकाचा चेहरा असे तुकडे लंबकाच्या ठेक्यावर पडू लागतात, आणि गाडीची शिट्टी वाजते. मग कॅमेरा मार्शलच्या जवळून उंच उंच जातो आणि भर उन्हात ओस पडलेल्या रस्त्यावर तो एकटा, मुंगीएवढा उभा दिसतो. आम्ही जे नियम सांगितले ते सगळे येथे पराकोटीला गेले आहेत.

चित्रपट संपला. आम्ही मोठ्या अभिमानाने विचारले, "कसा वाटला?" सरकी वेचणारी एक म्हातारी बाई मागून म्हणाली, "चांगला हाये जी. पन थो एकटाच काहून लढते? बाकीचे लोक कुठी गेले?"

आम्ही हसलो. बाईला मर्म कळले नाही असे आम्हांस वाटले. मर्म आम्हांलाच कळले नव्हते.

त्यानंतर काही वर्षांनी शेजारच्या तालुक्यातल्या एका बाजारात हमालांनी दरवाढीसाठी काम बंद केले. पहिल्या दिवशी चाळीस हमालांनी एकदम पाठीवरची पोती खाली ठेवली. त्यांत सर्वांत आधी ठेवणारा एक तरणाबांड गडी होता, आवाज खणखणीत. आम्ही त्याला उचलून धरला. प्रत्येक सभेत आम्ही तीच गोष्ट सांगू लागलो: तो कसा थांबला, व्यापाऱ्याकडे कसे पाहिले, पोते कसे टाकले, काय बोलला. गोष्ट रंगे, टाळ्या पडत. पत्रकावर छापावयास फोटो होता तो चाळीस जणांचा. आम्ही त्यातून त्याचा एकट्याचा चेहरा कापून घेतला. चित्रपटवाले ज्याला क्लोजअप म्हणतात तोच. बाकीचे एकोणचाळीस कात्रीखाली गेले.

समोरच्या बाजूनेही आमचे पत्रक वाचले. चाळीस जणांना वाकविणे कठीण. एकाला वाकविणे सोपे. त्याची किराण्याची उधारी बंद झाली. बहिणीच्या लग्नासाठी काढलेल्या कर्जाचा तगादा लागला. तीन आठवड्यांनी तो गप्प झाला आणि लांबच्या गावी पहारेकऱ्याच्या नोकरीवर गेला. आम्ही त्याला फितूर म्हणालो; आज ते शब्द परत घेता येत नाहीत. दुसऱ्या दिवशी एकोणचाळीस जण जुन्याच दराने कामावर गेले. का जाऊ नयेत? संप त्याचा आहे, हे त्यांना आम्हीच महिनाभर शिकविले होते.

पुष्कळ वर्षांनी तो एका बसस्थानकावर भेटला. आम्ही क्षमा मागण्याचा प्रयत्न केला. तो म्हणाला, "तुमी मले लय मोठं केलं जी. पन एकट्याले केलं." म्हातारीचा प्रश्न आणि याचे उत्तर यांच्यामध्ये आमची अर्धी हयात गेली.

तेव्हापासून चित्रपट पाहताना आम्ही एक सवय लावून घेतली आहे: चेहरा पडदाभर झाला की चौकटीबाहेर कोण राहिले ते मोजावयाचे. मार्टिन रिट यांचा १९७९ चा 'नॉर्मा रे' हा आमच्या धंद्यातला सर्वांत गाजलेला अमेरिकन चित्रपट. कापडगिरणीतली एक बाई, कामावरून काढली जात असता, पुठ्ठ्यावर 'युनियन' असा एक शब्द लिहून टेबलावर उभी राहते आणि तो पुठ्ठा चहूकडे फिरविते. मागांचा कानठळ्या बसविणारा आवाज चालू असतो. मग एक माग थांबतो, दुसरा, तिसरा. आणि अखेरीस सगळ्या गिरणीत शांतता पसरते. ती शांतता ऐकून आमच्या डोळ्यांत दर वेळी पाणी येते, हे लपविण्यात अर्थ नाही. सॅली फील्ड यांना त्या भूमिकेचे ऑस्कर मिळाले. चित्रपट संघटनेच्या बाजूने मतदान होते तेथे, जल्लोषात संपतो.

ही गोष्ट ज्यांच्यावरून घेतली त्या क्रिस्टल ली सटन, उत्तर कॅरोलिनातल्या रोअनोक रॅपिड्स येथील जे. पी. स्टीव्हन्स कंपनीच्या गिरणीत टॉवेलांच्या घड्या घालीत. १९७३ साली त्यांनी खरोखरच तसा पुठ्ठा उंचावला. १९७४ साली मतदान जिंकले. पण कंपनीने करारावर सही केली ती १९८० साली! मधली सहा वर्षे चित्रपटात नाहीत, आणि असूही शकत नाहीत. चित्रपट निघाला तेव्हा ती संपलीही नव्हती. सहा वर्षे बैठका, तारखा, वर्गणीच्या पावत्या, रुसवे. त्यांत ना लंबक ना शिट्टी. आमच्या कामाचा नव्वद टक्के भाग हाच आहे, आणि पडद्याला तो दिसत नाही. तरुण कार्यकर्ता टेबलावर चढण्याचा क्षण पाहून आमच्याकडे येतो आणि पावतीपुस्तक हातात दिले की महिन्याभरात निघून जातो. त्याचा दोष थोडा. त्याने ऐकलेल्या गोष्टींचा अधिक.

मग आपल्याकडे काय? आपला चित्रपटही बाहेरचे पाहूनच जन्मला. १९१० च्या सुमारास मुंबईत ख्रिस्तचरित्रावरचा चित्रपट पाहून दादासाहेब फाळके यांच्या डोक्यात राम-कृष्ण पडद्यावर आणण्याचे वेड शिरले आणि ३ मे १९१३ रोजी 'राजा हरिश्चंद्र' मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात लागला. पण आपल्या लोकांनी यंत्र घेतले तरी गोष्ट सगळीच उसनी घेतली नाही. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी १९२५ साली ना. ह. आपट्यांच्या कथेवरून 'सावकारी पाश' हा मूकपट काढला. जमीन सावकाराच्या घशात जाते आणि शेतकरी शहरात गिरणीकामगार होतो. तो तरुण शेतकरी व्ही. शांतारामांनी रंगविला. आम्हांला तो मूकपट पाहावयास मिळाला नाही, केवळ त्याविषयी वाचले. पण वऱ्हाडातल्या माणसाला तो न पाहताही पाठ आहे. पुढे प्रभात कंपनीत शांतारामांनी १९३७ साली 'कुंकू' केला. 'हाय नून' च्या पंधरा वर्षे आधी त्यांनी भिंतीवरचे घड्याळ पात्रासारखे वापरले, आणि पार्श्वसंगीत न लावता घरातले खरे आवाज ऐकविले. अमेरिकेचे घड्याळ गाडीची वेळ सांगते. 'कुंकू' मधले घड्याळ म्हाताऱ्या नवऱ्याचे आणि जरठ-बाला विवाहाच्या रूढीचे वय सांगते.

मुंबईचा गिरणी संप घ्या. १८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेला, सुमारे अडीच लाख कामगारांचा तो संप मागे घेतल्याचे रीतसर कधी जाहीर झालेच नाही. ज्याला शेवट नाही त्याची ठरीव पद्धतीने गोष्ट कशी सांगणार? जयंत पवार यांनी 'अधांतर' नाटकात ती एका चाळीतल्या एकाच खोलीत बसवून सांगितली. त्यावरून महेश मांजरेकरांनी २०१० साली 'लालबाग परळ' काढला. संप कुटुंबात शिरून एकेकाचे काय करतो हे त्यांत दिसते. आमची तक्रार एवढीच की, टोळीयुद्धाच्या पिस्तुलांचा आवाज पडद्यावर मोठा होतो, आणि अडीच लाखांची शांतता पुन्हा मागे पडते.

चैतन्य ताम्हाणे यांचा २०१४ चा 'कोर्ट' मात्र कॅमेरा दूरच उभा करतो. लोकशाहिरावर खटला आहे: त्याच्या गाण्यामुळे गटार साफ करणाऱ्या मजुराने आत्महत्या केली म्हणे! शाहिराची भूमिका नागपूरचे कार्यकर्ते वीरा साथीदार यांनी केली. २०२१ साली ते आपल्यातून गेले. या चित्रपटात भर खटल्यातही चेहरा पडदाभर होत नाही. न्यायालय, कारकून, बाकांवर ताटकळणारी माणसे, सारी एकाच चौकटीत. सरकारी वकीलबाई सुटल्यावर मुलाला घेऊन घरी जातात, स्वयंपाक करतात. कॅमेरा तेथेही जातो. खलनायक सापडत नाही, म्हणून प्रेक्षक अस्वस्थ होतो. आणि नागराज मंजुळे यांच्या २०१३ च्या 'फँड्री' त, गावाने हसून हसून छळलेला जब्या अखेरीस दगड भिरकावतो. दगड थेट आपल्याकडे येतो आणि चित्रपट संपतो. आठवला का १९०३ चा दरोडेखोर? त्याने झाडलेली गोळी गंमत होती. प्रेक्षक दचकून हसत घरी गेले. जब्याचा दगड चुकवून घरी जाता येत नाही, कारण हसणाऱ्या गावात आपण उभे आहोत. चौकटीबाहेर राहिलेले लोक कोठे गेले या म्हातारीच्या प्रश्नाचे हे एक उत्तर: ते खुर्चीवर बसले आहेत.

अमेरिकेतही हा प्रश्न कोणी विचारला नाही असे नाही. १९५४ साली 'सॉल्ट ऑफ द अर्थ' हा चित्रपट निघाला. दिग्दर्शक हर्बर्ट बिबरमन हे राजकीय मतांसाठी तुरुंगात गेलेले आणि हॉलिवूडने बहिष्कृत केलेले. न्यू मेक्सिकोतल्या जस्ताच्या खाणीतला संप. न्यायालयाने कामगारांना पहाऱ्यास मनाई केली तेव्हा त्यांच्या बायका पहाऱ्यावर उभ्या राहिल्या. बरेचसे खाणकामगार स्वतःच भूमिकेत होते, आणि नायक झालेले हुआन चाकोन हे त्या संघटनेच्या स्थानिक शाखेचे अध्यक्ष होते. नायिका मेक्सिकोच्या, चित्रण चालू असतानाच त्यांना अटक होऊन देश सोडावा लागला. चित्रपट फार थोड्या ठिकाणी लागू शकला, आणि तो न लागावा म्हणून ज्यांनी हात आखडले त्यांत खेळ चालविणाऱ्या कामगारांची संघटनाही होती. हे सांगताना आम्हांस लाज वाटते, पण कामगारांच्या व्यासपीठावरून कामगारांचीच चूक झाकली तर आमच्या बोलण्याला किंमत ती काय?

आमच्या पुढच्या संपात आम्ही फोटो कापला नाही. रोज संध्याकाळी निराळ्या माणसाने उभे राहून त्या दिवशी काय झाले ते सांगावयाचे, असा नियम केला. काही जण अडखळत, काही फारच लांबण लावीत. टाळ्या कमी पडत. दर आम्ही मागितले तेवढे मिळाले नाहीत, थोडे मिळाले, आणि तेही दोन वर्षांनी. पण एकाला उचलून नेल्याने काम सुरू झाले, असे त्या वेळी झाले नाही.

अमेरिकन चित्रपट पाहू नका असे सांगावयास आम्ही आलो नाही. जरूर पाहा, आम्हीही पाहतो आणि घोडे दौडू लागले की आमचीही छाती धडधडते. फक्त दिवे लागल्यावर, चपला शोधता शोधता, शेजाऱ्याला एवढे विचारा: बाकीचे लोक कुठी गेले? ती सरकी वेचणारी बाई आता हयात नाही. तिचा प्रश्न आज आम्ही तुमच्या स्वाधीन करतो आणि आपली रजा घेतो.